मालिका-चित्रपटांचं पार्श्वसंगीत करायचं असेल तर

प्रश्न थोडक्यात असा आहे. साताऱ्याची एक सत्तावीस वर्षांची मुलगी पुण्यात बँकेत नोकरी करते. हार्मोनियमची विशारद झाली आहे, घरी लॅपटॉपवर संगीत रचते. तिला चित्रपट आणि मालिकांचं पार्श्वसंगीत करायचं आहे. कोर्स करावा का, पहिलं काम कसं मिळतं, यात पोट भरतं का आणि नोकरी कधी सोडावी, असं तिनं विचारलं आहे.

तुम्ही 'गाणी करायची आहेत' असं न लिहिता 'पार्श्वसंगीत करायचं आहे' असं लिहिलंत, याचा मला फार आनंद झाला. आपल्याकडे संगीतकार म्हटलं की चाल लावणारा माणूस डोळ्यांपुढे येतो. दृश्याखाली वाजणारं संगीत कोणाचं, हे बहुतेकांना ठाऊक नसतं आणि हे आजचं नाही. मुंबईच्या हिंदी सिनेमात कित्येक वर्षं वाद्यवृंदाची मांडणी गोव्याहून आलेल्या वादकांनी केली. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, शंकर-जयकिशन यांच्यासाठी अरेंजिंग करणारे सेबॅस्टियन डिसूझा ही त्यांतली मोठी नावं. रसिकांना पाठ होती ती मात्र संगीतकारांची नावं. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांतही गाणी आणि पार्श्वसंगीत यांना नियमितपणे वेगवेगळा पुरस्कार मिळू लागला तो २००९ सालच्या चित्रपटांपासून. त्या वर्षी पार्श्वसंगीताचा पुरस्कार इलयाराजांना 'पळश्शी राजा' या मल्याळम चित्रपटासाठी मिळाला. म्हणून पहिल्यांदाच सांगते, रस्त्यात लोकांनी ओळखावं ही इच्छा असेल तर हे क्षेत्र निवडू नका. दृश्यात गुंतून पडायला आवडत असेल तर याच्यासारखं काम नाही.

चाल सुचणं ही या कामाची सुरुवातीची अट आहे. ती तुमच्याकडे असणार, विशारदपर्यंत आलात म्हणजे कान तयार आहे. पण इथे माणूस टिकतो तो दृश्य वाचता येतं म्हणून. संगीत कुठे सुरू करायचं, कुठे थांबवायचं आणि कुठे अजिबात वाजवायचं नाही, हे ज्याला कळतं त्याला दिग्दर्शक पुन्हा बोलावतो. प्रभातच्या 'कुंकू'ला (१९३७) पार्श्वसंगीत नाही. गाणी आहेत, पण एरवी दृश्यातल्याच वस्तूंचे आवाज कामाला लावले आहेत. संगीतकार होते केशवराव भोळे. बोलपट येऊन जेमतेम सहा-सात वर्षं झाली होती आणि एका संगीतकारानं न वाजवण्याला तयारी दाखवली, याचं मला आजही नवल वाटतं. हा चित्रपट एकदा डोळे मिटून ऐका.

तुम्ही बँकेत आहात, तर बँकेतलंच एक दृश्य घेऊ. निवृत्त शिक्षक मुदत ठेव मोडायला आले आहेत, मुलाला पैसे हवे आहेत. काउंटरवरची मुलगी फॉर्म पुढे करते. ते सही करतात. ती स्क्रीनकडे बघून म्हणते, "काका, सही जुळत नाहीये." ते पुन्हा करतात, हात कापतो. तिसऱ्यांदा करतात. ती मान वर न करता "ठीक आहे" म्हणते. ते चष्मा खिशात ठेवतात, दार ढकलून बाहेर पडतात. दृश्य सव्वादोन मिनिटांचं.

नवीन माणूस "सही जुळत नाहीये" या वाक्यावर व्हायोलिन्स आणतो. तिथे दुःख आहे, म्हणून तिथे संगीत. मी ते करणार नाही. त्या वाक्यानं जे व्हायचं ते प्रेक्षकाच्या मनात आपोआप होतं. तिथे वाजवलं की आपण त्याला रडायला सांगतो आणि तो मागे सरतो. नोटा मोजायचं यंत्र, टोकनची घंटी, वरचा पंखा एवढंच राहू दे. तिसऱ्या सहीसाठी पेन कागदाला टेकतं, समजा १ मिनिट १२ सेकंदांना, तिथे एक सूर धरायचा. तुमची हार्मोनियमच घ्या. माइक जवळ ठेवून फक्त षड्ज आणि पंचम, म्हणजे सा आणि प, भात्याचा आवाज ऐकू येईल इतक्या हळू. गंधार अजून नको. गंधार लागला की दृश्य कोणत्या बाजूला झुकलं ते ठरून जातं, आणि त्या क्षणी त्या माणसालाच ते ठरवता आलेलं नाही. दार उघडल्यावर रस्त्याचा आवाज आत येतो, तिथे कोमल रिषभ घ्या किंवा सगळंच थांबवा. दोन्ही करून बघा आणि दिग्दर्शकासोबत बसून ठरवा.

आता याच जागेचा हिशोब. पेन टेकतं १ मिनिट १२ सेकंदांना, दार उघडतं १ मिनिट ४५.५ सेकंदांना. मधे साडेतेहतीस सेकंद. मिनिटाला साठ मात्रांची लय धरली तर चार मात्रांची आठ आवर्तनं बत्तीस सेकंदांत संपतात, म्हणजे दार उघडायच्या दीड सेकंद आधी. लय ५७.३ केली की बत्तिसावी मात्रा पुरी होऊन सम, म्हणजे पुढच्या आवर्तनाची पहिली मात्रा, बरोबर दारावर येते आणि कानाला फरक जाणवत नाही. मग चार दिवसांनी एडिटर फोन करून सांगतो की मधले दोन सेकंद उडवले. मधलं अंतर साडेएकतीस, लय साधारण ६१. संगीत दृश्याच्या खुणांना बांधून ठेवलं असेल तर हा बदल पाच मिनिटांचा असतो, नाहीतर रात्र जाते. 'पिक्चर लॉक झालं', म्हणजे आता कापाकापी नाही, हे वाक्य तुम्ही पुष्कळदा ऐकाल. त्यावर विश्वास ठेवा, पण फाइल बदलता येईल अशीच ठेवा. फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रं, पहिल्या दिवशी विचारून घ्या. चित्रपट २४ फ्रेमवर असतो, टीव्ही २५ वर. २४ चं दृश्य २५ नं चाललं तर शंभर सेकंदांचं दृश्य शहाण्णव सेकंदांत संपतं आणि तुमची एकही सम जागेवर येत नाही.

संवादाची जागा सांभाळणं हा याच अभ्यासाचा दुसरा भाग. पुरुषाचा खर्जातला आवाज आणि चेलो एकाच पट्टीत भांडतात. मिक्सिंगला, म्हणजे संवाद, आवाज आणि संगीत एकत्र जुळवताना, रेकॉर्डिस्ट काय करतो? संगीत खाली ओढतो. त्याचं बरोबर असतं, कारण वाक्य ऐकू येणं सगळ्यांत महत्त्वाचं. मग तुम्ही जीव ओतून केलेला तुकडा कोणालाच ऐकू येत नाही. त्यापेक्षा आपणच संवादाखाली चेलो न ठेवता वर एक बारीक व्हायोलिन किंवा अगदी खाली नुसता बेस ठेवावा आणि वाक्य संपलं की चेलोला जागा द्यावी. दृश्यातले बाकीचे आवाज रचणाऱ्या साउंड डिझायनरशी सुरुवातीलाच बोला. त्यानं पावसाचा आवाज भरला असेल तर तुमच्या झांजा-शेकरची तिथे गरज नाही. हे दोघं एकमेकांशी न बोलल्यामुळे खराब झालेली दृश्यं मराठीत मला दर वर्षी दिसतात, आणि वाईट वाटतं.

मालिकेचं काम याहून वेगळ्या वेगानं चालतं. अर्ध्या तासाच्या स्लॉटमधला एपिसोड बावीस मिनिटांच्या आसपास भरतो आणि आठवड्याला असे सहा लागतात. प्रत्येक दृश्याला नवीन संगीत करणं कोणालाच शक्य नाही. म्हणून मालिका सुरू व्हायच्या आधी संगीतकार एक 'बँक' करून देतो. आधी शीर्षकगीत, मग त्यातून निघालेली नायिकेची धून, सासूची, घराची, प्रेमाची, संशयाची. प्रत्येक धून पूर्ण वाद्यांसह, धुनेशिवाय नुसत्या पॅडवर (मागे धरून ठेवलेल्या लांब सुरांवर), नुसत्या ठेक्यावर, एकट्या बासरीवर किंवा सारंगीवर. अशा तुकड्यांची संख्या पन्नासाच्या वर सहज जाते. मग रोजच्या एपिसोडला 'म्युझिक लावणारा' वेगळा माणूस असतो. तो एडिटमधून आलेल्या एपिसोडवर बँकेतले तुकडे कापून, जोडून बसवतो, आणि एपिसोड चॅनेलला जायची घाई असल्यामुळे हे काम बऱ्याचदा रात्री चालतं.

अशोक पत्कींचं 'आभाळमाया'चं शीर्षकगीत (अल्फा मराठी, १९९९) आठवून बघा. पोळ्या लाटणारी बाई स्वयंपाकघरातून हॉलमध्ये येते ती त्या सुरावटीच्या पहिल्या ओळीवर. शीर्षकगीताचं खरं काम तेच. ज्या शीर्षकगीतात चार-पाच सुरांची पक्की ओळख आहे, त्याची बँक चांगली होते. ओळख नसली की बँकेत नुसते हुंकार आणि धडाम्-धुडुम् उरतात, आणि एकाच चेहऱ्यावर तीनदा कॅमेरा मारला की तीनदा तेच वाजतं. प्रेक्षक ते सहन करतात याचा अर्थ त्यांना ते आवडतं असा नाही.

माझं ठाम मत असं की नव्या माणसानं मिळालं तर 'म्युझिक लावायचं' काम आधी करावं. मान कमी, पैसे बेताचे, झोपेची वाट. पण वर्षभरात तुमच्यासमोरून शेकडो दृश्यं जातात. दुसऱ्यानं केलेली धून कुठे चालते, कुठे कमी पडते, कट कुठे करायचा, संवाद संपून किती वेळानं सूर आणायचा, हे हाताला बसतं. अशी बोटांची सवय कुठल्या वर्गात मिळत नाही. पुढे स्वतः बँक कराल तेव्हा लावणाऱ्याला काय हवं असतं हे तुम्हाला पक्कं ठाऊक असेल. प्रत्येक तुकड्याचा शेवट नीट वाजवून संपवलेला हवा, नुसता विरवलेला नको. ठेका आणि धून वेगवेगळ्या फाइलीत हव्यात. नावं अशी हवीत की रात्री दोन वाजता झोपाळलेल्या माणसालाही सापडतील.

कोर्सबद्दल. मराठी संगीतकारांत भास्कर चंदावरकरांचं उदाहरण नेहमी डोळ्यांपुढे ठेवावं. सतारवादक माणूस, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवलं, 'घाशीराम कोतवाल' (१९७२) आणि 'सामना' (१९७५) यांचं संगीत केलं. रागसंगीत, लोकसंगीत आणि सिनेमाची भाषा या तिन्हींचा अभ्यास एका माणसात होता. आज पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये साउंडचा अभ्यासक्रम आहे, तो ध्वनिमुद्रण आणि साउंड डिझाइनचा आहे, संगीतकाराचा नाही. चेन्नईत ए. आर. रहमान यांनी २००८ साली सुरू केलेल्या के. एम. म्युझिक कॉन्झर्व्हेटरीत पाश्चात्त्य आणि हिंदुस्थानी दोन्ही शिकता येतं. जमलं तर जा, पण प्रमाणपत्र मागून इथे कोणी काम देत नाही. शिकायच्या गोष्टी मात्र टळत नाहीत, आणि तुमच्या बाबतीत त्यांतली मोठी म्हणजे हार्मनी, धुनेला खालून सुरांचे आधार देण्याची विद्या.

हिंदुस्थानी संगीत शिकलेल्या माणसाचा 'सा' स्थिर असतो. आपण सगळे भाव त्या एका सा भोवती फिरवतो. सिनेमात अनेकदा धून तीच राहते आणि तिच्याखालचा आधार बदलतो. वरचा सूर हलत नाही, खालचा बेस दोन पायऱ्या उतरतो आणि त्याच सुराचा अर्थ पालटतो. पात्र गप्प आहे पण आत काही बदललंय, अशा जागांसाठी याच्याइतकं नेमकं साधन नाही. हे हार्मोनियमवर रोज करून बघा. उजव्या हातात एक सूर धरा आणि डाव्या हातानं त्याच्याखाली सात वेगवेगळे आधार द्या. दुसरं, स्टाफ नोटेशन, म्हणजे पाच रेघांवरची पाश्चात्त्य स्वरलिपी, लिहायला आणि वाचायला शिका. मुंबई-चेन्नईचे तंतुवादक कागद समोर ठेवूनच वाजवतात, आणि आता बुडापेस्ट किंवा स्कोप्येच्या वाद्यवृंदाकडून इंटरनेटवरून थेट रेकॉर्डिंग करून घेणं भारतीय संगीतकारांना नवीन राहिलेलं नाही. अजय-अतुल यांनी 'सैराट'साठी (२०१६) लॉस एंजेलिसच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर वाद्यवृंद वाजवून घेतला. तिथे चाल गाऊन दाखवून काम होत नाही, कागद लागतो.

रागसंगीत विसरू नका, तीच तुमची शिदोरी आहे. फक्त दृश्यासाठी राग 'लावू' नका. करुण प्रसंग आला की जोगिया, पाऊस आला की मल्हार, असं यंत्रवत केलं की जाणकार हसतो आणि बाकीच्यांना काही वाटत नाही. रागातली एखादीच जागा, एखादी मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, पुरते.

वनराज भाटियांचा प्रवास तुम्हाला धीर देईल. लंडनच्या रॉयल अ‍ॅकॅडमीत शिकले, पॅरिसमध्ये नामवंत संगीतशिक्षिका नादिया बुलांजे यांच्याकडे शिकले, दिल्ली विद्यापीठात शिकवलं आणि मुंबईत हजारो जिंगल्स केल्या. श्याम बेनेगलांचा 'अंकुर' आला तो १९७४ साली, म्हणजे पहिला चित्रपट मिळाला तेव्हा ते सत्तेचाळिशीच्या आसपास होते. पुढे दूरदर्शनवर 'भारत एक खोज' आलं, त्याच्या सुरुवातीचं नासदीय सूक्त आठवलं की अजून अंगावर काटा येतो, आणि १९८८ च्या 'तमस'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यांच्या जिंगल्स वाया गेल्या नव्हत्या. तीस सेकंदांत एक पूर्ण गोष्ट सांगायची सवय त्यातूनच लागते. अशोक पत्कींचंही तेच. असंख्य जिंगल्स, नाटकं, मालिका, आणि राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो 'अंतर्नाद' या कोकणी चित्रपटासाठी. तेव्हा सत्तावीस हे वय उशिराचं नाही. जिंगल, लघुपट, माहितीपट, कंपनीची फिल्म, काहीही कमी लेखू नका.

पहिलं काम कसं मिळतं? मुंबईतल्या निर्मात्यांना डेमो पाठवून मिळालेलं मी फारसं पाहिलेलं नाही. काम मिळतं ते आपल्याच वयाच्या दिग्दर्शकाकडून, ज्याच्याकडे आज पैसे नाहीत आणि पाच वर्षांनी चित्रपट असेल. असे दिग्दर्शक मराठीत सापडायची हक्काची जागा म्हणजे एकांकिका. तुम्ही पुण्यात आहात, हे तुमचं भाग्य. पुरुषोत्तम करंडक, फिरोदिया करंडक, राज्य नाट्य स्पर्धा, पुढे चतुरंग संस्थेची सवाई एकांकिका स्पर्धा. या स्पर्धांतून आलेली मुलं आज मालिका लिहितात, चित्रपट करतात. फिरोदियात तर संगीताला भरपूर वाव असतो. एकांकिकेचं पार्श्वसंगीत करा आणि प्रयोगाला स्वतः ऑपरेट करायला बसा. नट एखाद्या दिवशी तीन सेकंद जास्त थांबतो, तेव्हा तुमचं बोट बटणावर थांबलेलं हवं. त्या तीन सेकंदांत प्रेक्षागृहात काय होतं हे ज्यानं अनुभवलंय, त्याला सिनेमातली शांतता समजावून सांगावी लागत नाही. संगीत नाटकाच्या काळात ऑर्गनवाले हेच करत होते, नटाच्या श्वासावर लक्ष ठेवून.

याच्या जोडीला फिल्म शाळांच्या विद्यार्थ्यांचे लघुपट करा. फुकट करायला हरकत नाही, पण दोन गोष्टी आधी ठरवून घ्या. श्रेयनामावलीत नाव कसं येणार हे, आणि संगीताचे हक्क तुमच्याकडे राहणार हे. वादकांना मात्र पैसे द्याच, तुम्ही फुकट केलं तरी. वादक फुकट बोलावणाऱ्याचं नाव लवकर पसरतं.

नमुन्याची फीत करताना नुसती संगीताची फाइल देऊ नका. दृश्यासकट द्या, तीन मिनिटांच्या आत आटोपा, आणि त्यात एक तरी दृश्य असं ठेवा जिथे तुम्ही फारच थोडं वाजवलं आहे. जाणता दिग्दर्शक तिथेच थांबून पुन्हा बघतो. प्रसिद्ध हिंदी किंवा हॉलिवूड चित्रपटाच्या दृश्यावर आपलं संगीत चढवून पाठवायची पद्धत मला पसंत नाही. मूळ संगीत ऐकणाऱ्याच्या डोक्यात पक्कं असतं आणि तुलना सुरू होते.

सामानाचं एका परिच्छेदात उरकते. बरा लॅपटॉप, माइकचा आवाज लॅपटॉपमध्ये नेणारा साधा ऑडिओ इंटरफेस, एक कंडेन्सर माइक, बंद हेडफोन, एकसष्ट पट्ट्यांचा कीबोर्ड. सॉफ्टवेअर कुठलंही, रीपर स्वस्त आहे आणि पुरतं. महागड्या सॅम्पल लायब्ररी, म्हणजे वाद्यांच्या ध्वनिमुद्रित सुरांचे तयार संच, पहिल्या दोन वर्षांत घेऊ नका. त्या पैशांत दर कामात एक जिवंत वाद्य वाजवून घ्या. सॅम्पलच्या दहा व्हायोलिन्सवर एक खरं व्हायोलिन बसवलं की अख्खा वाद्यवृंद श्वास घ्यायला लागतो. आपल्या वाद्यांना तर सॅम्पल पुरतच नाही. ढोलकीचा घुमारा, संबळ, चौंडकं, सारंगीची मींड, ही वाजवणाऱ्याकडूनच घ्यायची असतात. महाराष्ट्रात असे वादक गावोगाव आहेत, आणि त्यांना बोलावण्यात त्यांचा आणि तुमचा दोघांचाही लाभ आहे.

आता पैसे. मराठीत बहुतेक कामं 'पॅकेज'वर होतात. म्हणजे निर्माता एक ठोक रक्कम देतो आणि वादक, स्टुडिओ, प्रोग्रॅमर (संगणकावर वाद्यं बसवणारा), मिक्सिंग हा सगळा खर्च तुम्ही त्यातून करायचा. समजा पॅकेज तीन लाखांचं आहे. वादकांना सत्तर हजार, स्टुडिओ आणि मिक्सिंगला साठ, प्रोग्रॅमरला चाळीस गेले, तर तुमचे उरले एक लाख तीस हजार, आणि काम चाललं तीन महिने. वर दिग्दर्शकानं शेवटचा अर्धा तास पुन्हा कापला, तर चौथा महिनाही त्यातच. म्हणून पॅकेज ऐकून खूश होऊ नका, आधी खर्चाचा कागद करा. तुमची फी आणि निर्मितीचा खर्च असे दोन वेगळे आकडे मागा. निर्माता नाही म्हणाला तरी स्वतःच्या वहीत ते वेगळेच ठेवा. फेरबदल किती वेळा मोफत आणि त्यापुढे किती पैसे, हे लिहून घ्या. रक्कम नेहमी 'अधिक जीएसटी' अशी सांगा. वर्षाची उलाढाल वीस लाखांच्या वर गेली की नोंदणी करावी लागू शकते, आणि तो कर खिशातून भरायची वेळ येऊ नये. बिलातून दहा टक्के टीडीएस कापला जातो, त्याचा हिशोब वर्षअखेरीला ताडून बघा. मालिकांचे पैसे नव्वद दिवसांनी येण्याची पद्धत आहे. पहिलं बिल दिल्यावर तीन महिने खायचं काय, याची तजवीज आधीच हवी. चित्रपटाला तीन हप्ते ठरवा आणि शेवटचा हप्ता अंतिम फाइली देण्याआधी घ्या. प्रदर्शनानंतर देऊ म्हणणारे बरेचदा मनानं चांगले असतात, पण तेव्हा त्यांच्याकडेच पैसे नसतात.

करारावर मी जरा जास्त लिहिणार आहे, कारण तरुण मुलं सगळ्यांत जास्त नुकसान इथे करून घेतात. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. जावेद अख्तर यांनी राज्यसभेत तिची बाजू हिरिरीनं मांडली होती. तिच्यामुळे चित्रपटात वापरलेल्या संगीतावरचा रॉयल्टीचा हक्क संगीतकाराला सोडूनच देता येत नाही. चित्रपट थिएटरात दाखवला जातो ते सोडून बाकी कुठल्याही वापरातून, टीव्ही असो की ओटीटी, येणाऱ्या रॉयल्टीत हक्क विकत घेणाऱ्याच्या बरोबरीचा वाटा तुमचा. हा हक्क फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. कायद्याच्या व्याख्येत मालिकाही चित्रपटातच मोडते. तरीही 'सर्व हक्क, सर्व माध्यमांत, कायमचे, रॉयल्टीसह' असं छापलेले करार अजून समोर येतात. रॉयल्टी सोडल्याचं ते कलम कायद्यापुढे टिकत नाही. ते खोडायला सांगा, शांतपणे, पण सांगा. आणखी एक गोष्ट फार थोड्यांना माहीत असते. करारात मुदत लिहिली नसेल तर हक्क पाच वर्षांसाठीच दिले असं कायदा धरतो, आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारतापुरते.

माझ्या एका मालिकेची धून त्याच निर्मात्यानं पुढे दुसऱ्या मालिकेत न विचारता लावली. करारात 'या मालिकेपुरते' असे शब्द होते म्हणून मला बोलता आलं आणि वेगळे पैसे मिळाले. ते दोन शब्द नसते तर नुसतं ऐकत बसावं लागलं असतं.

रॉयल्टी गोळा होते ती इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीमार्फत, सगळे 'आयपीआरएस' म्हणतात. संस्था १९६९ ची, नव्या कायद्याखाली पुन्हा नोंदणी झाली २०१७ साली. सदस्य व्हा आणि प्रत्येक कामाची नोंद करा. पार्श्वसंगीताच्या बाबतीत सगळं अवलंबून असतं ते क्यू शीटवर. प्रत्येक तुकड्याचं नाव, संगीतकार, सुरू कुठे होतो, किती सेकंद, गाणं की पार्श्वसंगीत, असा तो तक्ता. मराठीत तो अनेकदा कोणी करतच नाही. मग संगीत वाजलं याची कुठे नोंदच राहत नाही आणि पैसे कोणाकडे जायचे ते ठरत नाही. मिक्सिंग संपलं त्याच आठवड्यात, आठवण ताजी असताना, तक्ता स्वतः करा आणि निर्मात्याला मेलवर पाठवा. रॉयल्टीतून सुरुवातीला फार काही येत नाही. पण मालिका पुन्हा दाखवल्या जातात, चित्रपट एका ओटीटीवरून दुसऱ्यावर जातात, आणि दहा-पंधरा वर्षांचं काम साठलं की आजारपणात किंवा रिकाम्या महिन्यांत हा पैसा आधार देतो.

तुम्ही विचारलेलं नाही, पण मनात असणारच, म्हणून लिहिते. एआयनं संगीत बनवता येतं आणि स्वस्त कामं, म्हणजे कंपन्यांच्या फिल्म, साध्या जाहिराती, मालिकेच्या बँकेतले सर्वसाधारण तुकडे, तिकडे वळायला लागली आहेत. हे पूर्वी नवोदितांचं पोट होतं, त्यामुळे मला याची खरीखुरी काळजी वाटते. दिग्दर्शकाशेजारी बसून 'इथे संगीत नको' म्हणणारा माणूस मात्र अजून लागतो. तुमची मेहनत त्या बाजूला लावा.

राहिली नोकरी. लगेच सोडू नका. बँकेची नोकरी ठराविक वेळेची, त्यामुळे संध्याकाळ आणि सुट्ट्या हातात आहेत. दोन एकांकिका आणि दोन-तीन लघुपट एवढं काम नोकरी सांभाळून होतं. वर्षभराचा घरखर्च बाजूला पडला आहे, आणि एकमेकांशी संबंध नसलेल्या दोन निर्मात्यांनी तुम्हाला पैसे देऊन दुसऱ्यांदा बोलावलं आहे, असं झालं की सोडा. पहिल्यांदा बोलावणं ओळखीनं होतं, दुसरं बोलावणं कामामुळे. मुंबईला यायचा विचारही तेव्हाच करा. संगीत पुण्यात बसून करता येतं, मात्र मालिकेचं काम घेतलं तर अंधेरी-गोरेगावच्या पट्ट्यात राहावंच लागतं, कारण तिथे रात्री अकराला 'जरा येऊन जा' म्हणतात.

तोवर पुण्यातला एखादा एकांकिका करणारा गट शोधा. संगीत ठरवायची वेळ आल्यावर जाऊ नका, संहितेच्या पहिल्या वाचनालाच जाऊन बसा, आणि पहिले आठ दिवस एकही सूर सुचवू नका. कुठल्या वाक्यानंतर सगळे गप्प होतात ते संहितेच्या कागदावर पेन्सिलीनं टिपून ठेवा आणि तालमी संपत आल्या की त्या खुणा दिग्दर्शकाला दाखवा.